सभागृहातली तैलचित्रे निर्लेखित करू नका

मा. नगराध्यक्ष, मा. मुख्याधिकारी आणि नगर परिषदेचे सर्व सन्माननीय सदस्य यांस,

सप्रेम नमस्कार.

नगर परिषदेच्या सभागृहाचे नूतनीकरण झाले. नवे छत आले, नव्या खुर्च्या आल्या, माइक आले. त्याबद्दल कुणाचीच तक्रार नाही. पण या कामात भिंतीवरची चौदा तैलचित्रे उतरवली गेली आणि त्यांच्या जागी एकाच मापाच्या डिजिटल प्रतिमा लागल्या. उतरवलेली चित्रे सध्या पाणीपुरवठा विभागाच्या पत्र्याच्या गोदामात आहेत. येत्या सर्वसाधारण सभेत ती 'निरुपयोगी साहित्य' म्हणून निर्लेखित करण्याचा, म्हणजे नोंदीतून कमी करून भंगारात काढण्याचा, विषय ठेवला आहे. जुने पंखे, मोडकी कपाटे आणि ही चित्रे, सगळे एकाच यादीत.

यावर मी लेखी अर्ज दिला. आवक-जावकचा शिक्का मिळाला, उत्तर मिळाले नाही. म्हणून आता सर्वांसमोर लिहीत आहे. गावाचे नाव मुद्दाम लिहिलेले नाही. मराठवाड्यात ज्या ज्या नगर परिषदेत, पंचायत समितीत, वाचनालयात अशी चित्रे अजून भिंतीवर आहेत, तिथल्या लोकांनीही हे पत्र आपल्यासाठी आहे असे समजावे.

मी याच गावात चित्रकला शिकवते. ज्यांनी ही चित्रे रंगवली ते माझे पहिले गुरू. त्यांना गावात कुणी नावाने हाक मारली नाही. लहानथोर सगळे 'पेंटर' म्हणत. दुकानांच्या पाट्या, टॉकीजची पोस्टरे, ट्रकच्या फळ्या, लग्नघरच्या दारावरचे गणपती, यावर त्यांचे घर चालले. फ्लेक्स आला आणि पाट्या गेल्या, पोस्टरे त्याच्याही आधी गेली होती. तरी शेवटपर्यंत बाहेरगावचा कुणी भेटला की ते त्याला सभागृहात नेत आणि चित्रांपुढे उभे करत. त्या चित्रांखाली सही आहे, पण फ्रेमच्या पट्टीआड झाकली जाईल इतकी खाली. आज ते नाहीत. त्यांच्या बाजूने बोलायला त्यांचे विद्यार्थीच उरलो आहोत.

चौदापैकी पाच चित्रे सर्वांच्या ओळखीच्या नेत्यांची आहेत. स्वामी रामानंद तीर्थ, गोविंदभाई श्रॉफ यांचे फोटो कुठेही मिळतील. ते चेहरे हरवणार नाहीत. उरलेली नऊ चित्रे आपल्या तालुक्यातल्या माणसांची आहेत. हैदराबाद मुक्तिसंग्रामात कुणी सरहद्दीवरच्या कॅम्पात होते, कुणी तुरुंगात, कुणी रझाकारांच्या हातून मेले. १७ सप्टेंबर १९४८ ला निजामाची राजवट संपली तेव्हा यांतल्या बहुतेकांचा एकही फोटो निघालेला नव्हता. आपल्या भागात त्या काळी फोटो काढणे म्हणजे जिल्ह्याच्या गावी जाणे, आणि तेवढा पैसा आणि तेवढी हौस किती घरांत असणार?

मग हे चेहरे आले कुठून? पेंटरांनी ते गोळा केले. त्यांच्याबरोबर काही घरी मीही गेले आहे, म्हणून सांगते. ते आधी रंगांची पेटी उघडत नसत. ओसरीवर बसत, चहा घेत आणि विचारत, "तुमच्या घरात आज त्यांच्यासारखं कोण दिसतं?" मग कुणी धाकट्या भावाला पुढे करी, कुणी नातवाला. "कपाळ याच्यासारखं, पण नाक नाही." "कान आमच्या आत्याचे." अशा एकेका वाक्यावर ते कागदावर कोळशाने रेघ ओढत आणि घरच्यांना दाखवत. म्हाताऱ्या बाया मान हलवत. पुसायचे, पुन्हा काढायचे. एका हुतात्म्याचा फोटो होता, पण तो मेल्यावर काढलेला, डोळे मिटलेले. तेव्हाच्या चित्रकारांना हे काम नवीन नव्हते. मढ्याच्या फोटोवरून डोळे उघडे असलेला माणूस रंगवून द्या, अशी मागणी गावोगाव असायची. पेंटरांनी त्या हुतात्म्याच्या मुलाला उजेडात बसवले आणि त्याच्या डोळ्यांवरून बापाचे डोळे उघडले. हुतात्म्याच्या पत्नी तेव्हा हयात होत्या. त्यांनी ते चित्र पाहिले आणि हेच, असे म्हटले. यापेक्षा मोठा दाखला कोणते कार्यालय देणार आहे?

आणि त्या बाई. भाकरीच्या टोपल्यात, फडक्याखाली, निरोपाच्या चिठ्ठ्या घालून या गावातून त्या गावात नेणाऱ्या. त्यांचा तर मेल्यानंतरचाही फोटो नाही. लेकीचा चेहरा आणि शेजारणींच्या आठवणी यांवरून ते चित्र उभे राहिले. हनुवटीवर तीन टिंबांचे गोंदण होते हे शेजारणीने सांगितले, आणि ते नेमके कुठे, यावर दोघींचा वाद झाला, तो मी ऐकला आहे. शेवटी लेकीने आपल्या हनुवटीवर बोट ठेवून दाखवले. पेंटरांनी ते गोंदण निळसर हिरव्या रंगात, कातडीत मुरलेले दिसेल असे काढले. चित्रात दागिना नाही, कारण त्यांच्या अंगावर दागिना नव्हता.

आता नव्या प्रतिमेत काय झाले ते पाहा. मी सभागृहात जाऊन पाहिले आहे, आपणही पाहावे. ठेकेदाराच्या माणसाने मोबाइलवर तैलचित्रांचे फोटो काढले आणि चेहरा साफ करून देणाऱ्या ॲपमधून ते फिरवले. गोंदण डाग समजून पुसले गेले. बाई दोन छटा गोऱ्या झाल्या. दुसऱ्या एका चित्रात गालावर देवीचे व्रण होते. घरच्यांनी आवर्जून सांगितलेले ते व्रण गेले आणि कातडी गुळगुळीत झाली. आपल्याकडचे म्हातारे बांधत तो साधा पांढरा रुमाल एकाच्या डोक्यावर होता. त्याचा चकचकीत भगवा फेटा झाला. त्या बाईंची नात मला म्हणाली, "ही आमची आजी न्हाई. कोणाची तरी लावलीय."

माझी पहिली तक्रार हीच आहे. आपण या नऊ माणसांच्या जागी दुसरी माणसे टांगली आहेत, आणि खाली नावे मात्र यांची आहेत. ही बारीकसारीक गोष्ट नाही. शिवरायांचे म्हणून एकेकाळी भलत्याच माणसाचे चित्र छापले जात होते, इतिहाससंशोधक वा. सी. बेंद्रे यांनी समकालीन चित्र शोधून पुढे आणले तेव्हा ती चूक दुरुस्त झाली. ते शक्य झाले, कारण त्या काळच्या कुणा चित्रकाराने केलेले चित्र कुठे तरी जपलेले होते. आपल्या नऊ माणसांचे मूळ चित्र गोदामातून भंगारात गेले, तर शंभर वर्षांनी कुणी शोधायला निघाले तरी त्याच्या हाती काय लागेल?

दुसरी तक्रार नोंदीची. डेडस्टॉक रजिस्टरमध्ये, म्हणजे कार्यालयातल्या टिकाऊ वस्तूंच्या नोंदवहीत, ही चित्रे 'फोटो फ्रेम मोठी' अशी लिहिलेली आहेत. कुणाचे चित्र, कुणी काढले, कोणत्या साली, कशावर, काही नाही. नोंदच अशी असेल तर कारकुनाला दोष कसा द्यायचा? त्याने कागदावर जे होते ते यादीत घातले.

तिसरी तक्रार गोदामाची आहे आणि ती सगळ्यांत तातडीची आहे. तैलरंग अळशीच्या तेलात घोटलेले असतात. ते तेल पाण्यासारखे उडून वाळत नाही. हवेतला प्राणवायू घेत घेत घट्ट होते, जाड थराला महिने लागतात, आणि पुढे वर्षानुवर्षे तो थर कडक होत जातो. खालचे कापड मात्र हवेबरोबर हलत राहते. दमट हवेत वेगळे, कोरड्या हवेत वेगळे. आपल्याकडे उन्हाळ्यात पारा बेचाळीसच्या वर जातो. पत्र्याखाली काय होत असेल ते सांगायला नको. कापड हलते, कडक झालेला रंग हलू शकत नाही, म्हणून भेगा पडतात आणि पापुद्रे सुटतात. पावसाळ्यात मागून बुरशी धरते, लाकडी चौकटीला वाळवी लागते. चित्रे एकमेकांवर आडवी ठेवली आहेत, म्हणजे एकाच्या फ्रेमचा कोपरा दुसऱ्याच्या कापडात रुततो आहे. निर्णय काहीही होवो, ती आज तिथून हलवली पाहिजेत.

चौथी तक्रार थोडक्यात सांगते. ही चित्रे उतरवण्यापूर्वी नऊपैकी एकाही घरी कळवले गेले नाही. त्यांनी चेहरे दिले होते. एक निरोप त्यांचा हक्क होता.

काही सदस्यांनी मला प्रेमाने समजावले की बाई, जमाना बदलला, आता हाताने काढलेले चित्र कोण पाहतो. त्यांना मी माझ्याच घरचे सांगते. शाळा सुटल्यावर मी व्यक्तिचित्रे करते. आजही लोक येतात, आणि ते श्रीमंत नसतात. सोयाबीनचे पैसे आले की येतात. आईचे वर्षश्राद्ध जवळ आले की येतात. कितीदा तरी सोबत आधार कार्ड असते, कारण आईचा तेवढा एकच फोटो. "आधारवर माय लई भेदरल्यावानी दिसायलीय, बाई. तशी नव्हती ती." हे वाक्य थोड्याफार फरकाने मी अनेकांकडून ऐकले आहे. कॅमेऱ्याने त्या एका क्षणी रांगेत उभी असलेली, घाबरलेली बाई टिपली. पोराला हवी आहे ती चुलीपुढची, त्याला ओरडणारी, पदर खोचलेली. ती फक्त तो सांगेल तेव्हाच कागदावर येते.

ज्यांच्याकडे फोटो भरपूर आहेत तेही येतात. मोबाइलमध्ये बापाचे शेकडो फोटो असतात. ते माझ्यासमोर बोटाने सरकवत राहतात आणि यातला खरा कोणता हे त्यांना ठरवता येत नाही. मग भाऊ-बहिणी बसतात, वाद घालतात. चष्मा ठेवायचा की नाही, आजारपणाच्या आधीचे की नंतरचे, टोपी तिरकी की सरळ. चित्र पूर्ण व्हायला जो वेळ लागतो त्यात ते घर त्या माणसाविषयी जितके बोलते तितके तेराव्यालाही बोललेले नसते. आणि सगळ्यांनी मिळून मान्य केलेला एक चेहरा भिंतीवर लागतो. मोबाइलचा कॅमेरा उत्तम आहे, मीही वापरते. पण माणसाला समोर बसवून, त्याच्या चेहऱ्यातले काय ठेवायचे आणि काय सोडायचे हे दुसऱ्या माणसाने तासन्‌तास बघून ठरवणे, याची भूक कॅमेऱ्याने भागलेली नाही. जगात कुठेच भागलेली नाही. इंग्लंडच्या राजाचे चित्रकार जोनाथन यो यांनी केलेले तांबडेलाल चित्र २०२४ च्या मे महिन्यात उघडले तेव्हा जगभर लोक त्यावर भांडले. त्या राजाचे फोटो काय कमी आहेत?

आपल्या देशाचे उदाहरण घ्या. संसदेच्या जुन्या इमारतीतल्या मध्यवर्ती सभागृहातले गांधीजींचे चित्र ऑस्वाल्ड बर्ली या इंग्रज चित्रकाराचे आहे. स्वातंत्र्य मिळून दोन आठवडे व्हायच्या आत, २८ ऑगस्ट १९४७ ला, त्याचे अनावरण झाले. तिथले लोकमान्यांचे चित्र गोपाळ देऊसकरांचे. पुण्याच्या बालगंधर्व रंगमंदिरात त्याच देऊसकरांनी रंगवलेली बालगंधर्वांची चित्रे पाहायला रसिक आजही थांबतात. राज्य शासनाने अधिकृत म्हणून मान्य केलेले शिवरायांचे चित्र कोल्हापूरच्या जी. कांबळे यांचे, आणि कांबळे हे सिनेमाची पोस्टरे रंगवणारे कलावंत. आपले पेंटरही पोस्टरेच रंगवत. पोस्टरवाल्याच्या हाताला कमी लेखू नका, एवढेच यातून सांगायचे आहे. छपाईलाही माझा विरोध नाही. राजा रवि वर्म्यांनी १८९४ मध्ये छापखाना काढला म्हणून देवादिकांची चित्रे गरिबाच्या घरात पोचली. पण छापील चित्र आले म्हणून मूळ चित्र कुणी भंगारात दिले नाही.

आणि आपण तर अजिंठ्याच्या मुलखातले. मेजर रॉबर्ट गिल १८४४ पासून तिथे राहून लेण्यांतल्या चित्रांच्या नकला करत होता. त्या लंडनला गेल्या आणि १८६६ च्या आगीत जवळजवळ सगळ्या जळाल्या. मग १८७२ पासून जॉन ग्रिफिथ्स आणि मुंबईच्या जे. जे. स्कूलचे विद्यार्थी यांनी पुन्हा वर्षानुवर्षे खपून नकला केल्या. त्यांतल्याही कितीतरी १८८५ मध्ये लंडनमध्येच आगीत गेल्या. दोनदा गेले ते नकलांचे काम. मूळ भिंत जागेवर होती, म्हणून आज आपण अजिंठा पाहू शकतो. आपल्या सभागृहात उलटे चालले आहे. नक्कल भिंतीवर आहे आणि मूळ चित्र भंगाराच्या वाटेवर.

खर्चाचे आणि दिसण्याचे मुद्दे आपण मांडाल, म्हणून आधीच बोलते. चित्रे काळवंडली आहेत हे खरे आहे. काळवंडले आहे ते बहुतांशी वरचे वार्निश आणि पन्नास वर्षांची धूळ, उदबत्तीचा धूर, हारांचे ओघळ. वार्निश काळाने पिवळे पडतेच, आणि जाणकार माणूस ते काढून नवे देऊ शकतो. सैल पडलेले कापड चौकटीच्या कोपऱ्यातल्या पाचरी ठोकून पुन्हा ताणता येते. मात्र हे काम रंगारी किंवा शिपाई यांच्याकडून ओल्या फडक्याने करून घेऊ नये. अजिंठ्यातच नकला करणाऱ्यांनी चित्रे उठून दिसावीत म्हणून भिंतीवर वार्निश लावले, ते पिवळे पडले आणि पुढच्या पिढ्यांना ते काढत बसावे लागले. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात कलासंवर्धनाचे केंद्र आहे; त्यांचा सल्ला घ्यावा. छत्रपती संभाजीनगरला शासकीय कला महाविद्यालय आहे, त्यांनाही विचारावे.

चित्रे वेगवेगळ्या मापांची आहेत, एकसारखी दिसत नाहीत, हाही एक आक्षेप ऐकला. मापे वेगळी आहेत, कारण भिंत वेगळी होती. जुन्या सभागृहात खिडक्या डावीकडे होत्या. पेंटरांनी सगळ्या चेहऱ्यांवर उजेड डावीकडून पाडला आहे, म्हणजे दिवसा खिडकीचा उजेड आणि चित्रातला उजेड एकाच बाजूने यावा. दाराजवळची चित्रे मोठी, कारण ती लांबून दिसायची. हा विचार एका पाट्या रंगवणाऱ्या माणसाने, कुणी न सांगता केला. नव्या प्रतिमांवर काच आहे, तिच्यात छताचे दिवे चमकतात, आणि समोरून चेहरा दिसतच नाही.

आमच्या मागण्या अशा आहेत.

१. येत्या सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेवरून ही चौदा चित्रे निर्लेखित करण्याचा विषय मागे घ्यावा.

२. सभेची वाट न पाहता चित्रे पत्र्याच्या गोदामातून हलवावीत. कोरड्या, पक्क्या छताच्या खोलीत, जमिनीपासून वर, उभी, मध्ये पुठ्ठा घालून ठेवावीत. हे काम माझे विद्यार्थी आणि मी विनामोबदला करू. फक्त लेखी परवानगी आणि किल्ली द्यावी.

३. प्रत्येक चित्राची स्वतंत्र नोंद करावी: व्यक्ती, चित्रकार, साल, माप, माध्यम, सध्याची अवस्था. नऊ घरांतून माहिती आणून द्यायला आम्ही तयार आहोत. यातल्या काही घरांत ते चेहरे पाहिलेली शेवटची माणसे ऐंशी-नव्वदीत आहेत, त्यामुळे हे पुढच्या वर्षावर टाकू नये.

४. ज्या नऊ डिजिटल प्रतिमांत चेहरे बदलले आहेत त्या भिंतीवरून तातडीने काढाव्यात. मूळ चित्रे परत लागेपर्यंत ती जागा मोकळी राहिली तरी चालेल. चुकीचा चेहरा नको.

५. जाणकारांकडून पाहणी करून दुरुस्तीचे अंदाजपत्रक मागवावे आणि पुढच्या अर्थसंकल्पात त्यासाठी तरतूद करावी. दुरुस्त झालेली चित्रे सभागृहात, शक्य तितकी खिडकीच्या उजेडात, चित्रकाराच्या नावासह लावावीत. पेंटरांचे नाव तिथे कधीच लिहिले गेले नाही.

यापुढे गावातल्या कुणाचे चित्र लावायचे ठरले, तर ते तालुक्यातल्या किंवा जिल्ह्यातल्या चित्रकाराकडून काढून घ्यावे, अशीही विनंती आहे. माझ्या वर्गात अशी मुले आहेत. एलिमेंटरी, इंटरमिजिएटच्या परीक्षा देतात, हात चांगला आहे, आणि पुढे काय, असे विचारतात. फ्लेक्सच्या दुकानात संगणकासमोर बसण्यापलीकडे त्यांना मी काही दाखवू शकत नाही. आपण एक चित्र सांगितले तर दाखवू शकेन.

आपल्यापैकी कुणाविषयीही माझ्या मनात राग नाही. हे कुणी जाणूनबुजून केले असेही मला वाटत नाही. नूतनीकरणाच्या घाईत झाले असेल. अजून एकही चित्र गेलेले नाही, सगळे परत घेता येण्यासारखे आहे.

सभेच्या दिवशी नऊ घरांतली माणसे आणि मी सभागृहात येणार आहोत. विषय त्याआधीच मागे घेतला तर तसे लेखी कळवावे, म्हणजे म्हाताऱ्या माणसांना उन्हात यावे लागणार नाही.

आपली विश्वासू,
एक कलाशिक्षिका